जोसरावांनी गाळलेला सिनेमा

नागपूरच्या विमानतळावर माझी आई मला पोचवायला आली ती रडायला नव्हे, दम द्यायला. डिसेंबर २००१. तीन महिन्यांपूर्वीच न्यूयॉर्कचे ते टॉवर पडले होते आणि घरीदारी सगळे एकच म्हणत होते, आत्ता कशाला जाता, थांबा जरा. पण नवरा अटलांटाजवळ अल्फारेटाला, मी नागपुरात, लग्नाला आठ महिने झालेले. किती थांबायचं? पोलिसानं माझ्या बॅगेतलं तिखट, गोडा मसाला, सांडगे सगळं बाहेर काढून हुंगून पाहिलं. मी चिडून त्याला काहीतरी बोलणार तेवढ्यात आईनं दंडाला धरून बाजूला घेतलं.

"शुभा, तोंड आवर. आणि हे बघ, तिकडून चांगलंच कळवत जा. वाईट ऐकून इथं आम्हाला करता काहीच येत नाही, नुसता जीव टांगणीला लागतो."

"आणि तुमचं काही वाईट झालं तर?"

"ते आमचं आम्ही बघू."

असा करार करूनच आम्ही सगळे निघालो. इकडे आलेल्यांना विचारा. फोनवर "काय चाललंय?" याचं उत्तर "मजेत!" ताप शंभरावर असला तरी मजेत. नितीनला, माझ्या नवऱ्याला, त्याच्या वडिलांनी घातलेली शपथ तर आणखी जबर होती. पुण्यातली पक्की नोकरी सोडून तो निघाला तेव्हा अण्णा त्याला म्हणाले होते, "तुझ्या मनानं चाललायस. परत येशील तेव्हा तोंड वर करून ये." अण्णा म्हणजे माझे सासरे. पुणेरी माणूस. शिव्या देत नाहीत, वाक्यं देतात. ती माणसाला जन्मभर पुरतात.

अल्फारेटाला आमचं अपार्टमेंट वरच्या मजल्यावर आणि बरोबर खाली एक मल्याळी जोडपं राहायचं. लिसीचेची आणि जोस. चेची म्हणजे ताई, हे तिनंच मला पहिल्या दिवशी शिकवलं. ती हॉस्पिटलात नर्स. आधी ती आली, मग तीन वर्षांनी नवऱ्याला आणलं. आमच्या उलट. जोस तिकडे त्रिशूरला कॉलेजात शिकवायचा, फिल्म सोसायटी चालवायचा. इथं इंडियन स्टोअरच्या काउंटरवर बसायचा आणि तिथलं सिनेमांच्या कॅसेटींचं कपाट सांभाळायचा. तरुणपणी चार वर्षं मुंबईत काढल्यामुळे त्याचं हिंदी फर्डं होतं, फक्त व्याकरणाशी त्याचं जमत नसे. मला कामाची परवानगी नव्हती, डिपेंडंट व्हिसा. दिवसभर भिंती बघून डोकं फिरायचं. खाली लिसीचेचीकडे जाऊन बसले नसते तर मी पहिल्या वर्षीच परतीचं विमान धरलं असतं.

२००२च्या मे महिन्यात अण्णा आणि सासूबाई सहा महिन्यांसाठी आले. आठवड्यातच अण्णा कंटाळले. चालायला जावं तर फुटपाथ नाही, पेपर वाचावा तर क्रिकेट नाही. एका रविवारी जोसनं त्यांना सहज विचारलं, "अण्णासाब, मलयालम पिक्चर देखा है कभी?" आणि अण्णा जे खुलले!

तुम्हाला आठवत असेल, पूर्वी रविवारी दुपारी टीव्हीवर इतर भाषांतले सिनेमे लागायचे, खाली इंग्रजी अक्षरं पळायची. गल्ली जेवून घोरत पडायची. अण्णा एकटे चष्मा सावरत बसून बघायचे. त्यांना नटांची नावं येत नव्हती पण गोष्टी पाठ होत्या. जोसला तर घरबसल्या फिल्म सोसायटीच मिळाली. त्यानं बेत आखला: दर रविवारी दोन वाजता एक सिनेमा, अगदी जुन्यापासून आजपर्यंत, ओळीनं. सबटायटल्स कुठली असायला! जोस टीव्हीशेजारी स्टूल घेऊन बसायचा आणि हिंदीत सांगत जायचा. अण्णा त्याला जोसराव म्हणू लागले. आम्ही सगळे जायचो. सासूबाई निवडायला भाजी घेऊन, लिसीचेची नाइट शिफ्टची झोप डोळ्यांत घेऊन, नितीन अण्णांशेजारी सोफ्यावर.

पहिला काळा-पांढरा. कुळाची पोर जमीनदाराच्या विहिरीवर पाणी भरते आणि त्यावरून गाव पेटतं. पुढच्या रविवारचा इतका संथ की मला पेंग आली: मोठं घर, त्यातला थोरला नुसता कंदील पुसत बसलाय आणि घरातली माणसं एकेक करून बाहेर पडतायत. "सरंजामशाही मेलीय, पण त्याला कुणी सांगितलेलं नाही," अण्णा म्हणाले, आणि जोसनं उठून त्यांच्याशी शेकहँड केला. मग नवऱ्याचं घर सोडून आलेल्या टायपिस्ट बाईचा एक. तो तिला न्यायला येतो, ती दारातच चहा देते आणि परत पाठवते. सासूबाईंनी गवारीच्या शेंगा तशाच हातात धरल्या होत्या. सिनेमा संपल्यावर म्हणाल्या, "बरं केलं!" अण्णांनी दचकून त्यांच्याकडे पाहिलं. मग आले हसरे सिनेमे, पण हसता हसता घशात अडकणारे: डिगऱ्यांच्या सुरळ्या घेऊन वणवण फिरणारी पोरं, घरी बहिणीचं लग्न, खिशात बसभाडं नाही.

"आपल्याकडे हीरो नाचतो तेव्हा यांचा हीरो नोकरी शोधत होता," अण्णा म्हणाले. "शाबास!"

नितीन हसला नाही. कारण त्या आठवड्यात त्याची नोकरी गेली होती.

जुलै होता. तो एका कन्सल्टन्सीतर्फे क्लायंटकडे काम करायचा. क्लायंटनं प्रोजेक्ट बंद केलं, कन्सल्टन्सीनं त्याला बेंचवर बसवलं. बेंच म्हणजे कागदावर नोकरी, हातात काही नाही. सप्टेंबरअखेर दुसरं प्रोजेक्ट मिळालं नाही तर व्हिसा कॅन्सल, गाशा गुंडाळा. त्या वर्षी अल्फारेटात दर दुसऱ्या घरात हीच गोष्ट होती. रस्त्यावर टाकलेले सोफे दिसले की समजायचं, आणखी एक कुटुंब परत गेलं.

"अण्णांना बोलायचं नाही," नितीन म्हणाला. "नोव्हेंबरात जातील ते. तोवर मिळेल काहीतरी, यार."

आणि सुरू झालं नाटक. रोज सकाळी इस्त्रीचा शर्ट, गळ्यात जुनं ओळखपत्र, सासूबाईंनी भरलेला पोळी-भाजीचा डबा. अण्णा बाल्कनीतून हात करायचे. साहेब निघाले लायब्ररीत! दिवसभर तिथल्या कॉम्प्युटरवर रेझ्युमे पाठवायचे, दुपारी इंडियन स्टोअरच्या मागच्या पार्किंगला गाडीत बसून डबा खायचा, सहाला घरी. तिथंच जोसनं त्याला पाहिलं. काही विचारलं नाही. दुकानातून चहाचा ग्लास आणून खिडकीतून आत दिला आणि परत गेला. दुसऱ्या दिवशीही आणला.

एवढ्यावर थांबलं असतं तर मी गप्प बसले असते. पण तिकडे पुण्यात मंदार होता, नितीनचा धाकटा भाऊ. सरकारी पॉलिटेक्निकात शिकवत होता, कायम नोकरी. त्याला इथं, आमच्याच जॉर्जिया राज्यात मास्टर्सला ॲडमिशन मिळालेली, जानेवारीत यायचं, राहणार आमच्याकडे, सगळा भार नितीनवर. नोकरीत तीन महिन्यांची नोटीस होती. दिलेला राजीनामा सरकारी खात्यात परत मिळत नसतो, हे अण्णांनीच त्याला बजावलेलं. सप्टेंबरच्या पहिल्या रविवारी तो फोनवर म्हणाला, "दादा, पुढच्या सोमवारी राजीनामा देतोय. देऊ ना?"

मी नितीनकडे पाहत होते.

"दे की," नितीन म्हणाला.

आम्हाला भांडायला जागा फक्त गाडीत होती, अपार्टमेंटच्या भिंती पापडासारख्या. दूध आणायचं निमित्त करून मी त्याला बाहेर काढलं आणि ग्रोसरीच्या पार्किंगमध्ये काचा वर करून जे तोंड सोडलं!

"अरे, तुझं बुडतंय ते बुडू दे, त्याला कशाला ओढतोस पाण्यात? उद्या आपणच परत गेलो तर तो कुठं जाईल? ना इथला ना तिथला!"

"मी नाही कसं म्हणू? कारण काय सांगू?"

"खरं सांग!"

"तुला माहीत नाहीत अण्णा."

"मला तूच माहीत नाहीस असं वाटायला लागलंय, बाप्पा."

तो स्टिअरिंगवर डोकं टेकून बसला. मला रागही आला आणि दयाही. मी स्वतःच सांगून टाकते म्हटलं तर म्हणाला, "शुभा, हात जोडतो. तू सांगितलंस तर मी त्यांच्यासमोर उभा राहू शकणार नाही."

आणि त्याच दिवशी जोसच्या ओळीत गल्फचे सिनेमे आले होते. त्याच्या गावातला दर घराआड एक माणूस आखातात, मग सिनेमात तो येणारच. घर बांधायला गेलेला आणि घरात कधीच न राहिलेला. मला लिसीचेचीनं आधीच गोष्ट सांगितली होती: घरी खोटं कळवणारा मुलगा. ते बघताना अण्णांशेजारी बसलेल्या नितीनच्या चेहऱ्यावर सगळं उघडं पडलं असतं. म्हणून मीच तिला म्हटलं होतं, जोसना सांग, तेवढा गाळा. तिनं सांगितलं. त्यानं गाळला आणि एकदम नवाकोरा लावला.

नव्यात हीरोला मिशी होती. दुसरं काही नव्हतं म्हटलं तरी चालेल. वाड्याच्या पायऱ्या उतरतो, धोतर वर खोचतो, वीस जणांना लोळवतो, आणि शिकलेली बाई एक वाक्य बोलली की तिला दोन वाक्यांत गप्प करतो. त्यावर म्हणे थिएटरात शिट्ट्या पडतात. लिसीचेची उठून स्वयंपाकघरात गेली. "पहले हमारा पिक्चर में औरत बोलती थी," ती आतून ओरडली, "अब सिर्फ सुनती है!"

"अण्णासाब, क्या बोलूँ," जोस म्हणाला, "इस हीरो को काम-धंधा कुछ नहीं. खाली मूँछ है."

अण्णा विचारात पडले होते. "म्हणजे पहिल्या रविवारी जो जमीनदार व्हिलन होता, तोच आता हीरो झाला! पण जोसराव, हे असं एकदम नाही होत. मधलं काहीतरी राहिलंय. तुमचे निम्मे लोक गल्फला गेले आणि तुमच्या सिनेमात कोणीच गेलं नाही?"

जोस कॅसेट काढायच्या निमित्तानं पाठमोरा झाला. "है ना. है एक. नेक्स्ट संडे."

तो आठवडा माझ्या आयुष्यात परत नको. मी रोज नितीनला विचारायची, आज बोलतोस? रोज उत्तर, उद्या. शुक्रवारी त्याची एक मुलाखत होती, तीही फिसकटली. शनिवारी मंदारचा फोन आला, राजीनाम्याचं पत्र टाइप केलंय म्हणाला. अण्णा त्याला म्हणाले, "दादा आहे तिथं, काळजी नाही." मी पोळ्या लाटत होते. हातातलं लाटणं आपटलं तेव्हा सासूबाई म्हणाल्या, "काय झालं गं?" मी म्हटलं, "काही नाही, पीठ सैल झालं."

रविवारी दोन वाजता आम्ही खाली गेलो. पुण्यात तेव्हा साडेअकरा वाजून गेले असतील. सकाळी दहाला मंदार राजीनामा द्यायला कॉलेजात पोचणार. माझ्या डोक्यात नुसतं घड्याळ चाललेलं.

सिनेमा सुरू झाला. वाळवंट. पत्र्याची खोली, एकावर एक खाटा. एक तरुण खांद्यावर सिमेंटची गोणी घेऊन शिडी चढतोय, भुवयांपर्यंत पांढरा झालाय. जोसनं घसा साफ केला.

"ये उधर सुपरवाइजर है."

मी चमकून पाहिलं. जोस टीव्हीकडे बघत होता, मान ताठ.

"सुपरवाइजर?" अण्णा म्हणाले. "मग गोणी का उचलतोय?"

"वो... लेबर लोग को दिखाता है, कैसे उठाने का."

अण्णा "हं" म्हणाले. पडद्यावर तो पोरगा खाटेवर बसून टेपरेकॉर्डरपुढे बोलायला लागला. तेव्हा लोक गल्फहून घरी कॅसेट पाठवायचे, पत्राऐवजी. त्याच्या हाताच्या चिंध्या झालेल्या, आणि आवाज मात्र मोठा, आनंदी. तिकडे गावात आई, वडील, बहीण टेपभोवती गोळा होऊन ऐकतायत. "बोलता है, सब बढ़िया है," जोस म्हणाला. हे मात्र त्यानं खरं सांगितलं. मग तो पोरगा दुसऱ्याचा शर्ट मागून घालतो, दुसऱ्याच्याच गाडीला टेकून फोटो काढतो. "नया गाड़ी लिया," जोस म्हणाला. त्याचा आवाज आता खोल गेला होता. लिसीचेची मान खाली घालून बसलेली. नितीन हलत नव्हता.

"जोसराव, पॉज करा," अण्णा म्हणाले.

पडद्यावर फोटोतलं ते हसू तसंच थांबलं.

"इतके रविवार तुमच्या जिवावर सिनेमे पाहिले. एक शब्द इकडचा तिकडे केला नाहीत. आज चित्र एक सांगतंय आणि तुम्ही भलतंच सांगताय. हा पोरगा हमाली करतोय, घरच्यांना फसवतोय, हे शेंबडं पोर सांगेल. मला का खोटं सांगताय?"

जोसनं चष्मा काढला, पुसायला लागला. आणि त्याची नजर, त्यालाही नको असताना, नितीनकडे गेली. अण्णांनी मान वळवली.

मी नितीनला डोळ्यांनी अक्षरशः ढकलत होते. बोल रे, बोल आता.

"अण्णा," नितीन म्हणाला, "माझी नोकरी गेलीय."

"कधी?"

"जुलैत."

"मग रोज जातोस कुठं?"

"लायब्ररीत."

अण्णा काही बोलायच्या आत सासूबाईंचा आवाज आला, "आणि डबा? डबा कुठं बसून खातोस रे?"

"गाडीत."

त्यांनी पदर तोंडाला लावला. नितीन तेव्हा रडला. जुलैपासून पहिल्यांदा.

अण्णा उठून उभे राहिले होते. "नोकऱ्या जातात! माझ्या डोळ्यादेखत गिरण्यांतली माणसं घरी बसली. पण सकाळी बाल्कनीतून मी हात करत होतो, आणि तू खालून मला हात करत होतास! मला काय तिकीट काढून बसवलं होतंस?" आणि मग एकदम त्यांना आठवलं. "अरे, मंदार! फोन कुठाय?"

कॉलिंग कार्डाचे आकडे दाबायचे, मग ती बाई इंग्रजीत बोलणार, मग पुन्हा आकडे. अण्णांकडून दोनदा चुकलं. "सॉरी, ऑल सर्किट्स आर बिझी." मी त्यांच्या हातातून फोन घेतला, लावला, पुन्हा लावला. पुण्यात रात्रीचा एक. शेवटी रिंग गेली आणि पहिल्याच रिंगला मंदारनं उचलला. मी स्पीकर लावून फोन अण्णांपुढे धरला.

"कोण गेलं?" मंदारचा आवाज. हॅलो नाही, काही नाही. "आई? आई बरी आहे ना? कोणीतरी बोला ना! कोण गेलं?"

अपरात्री अमेरिकेचा फोन म्हटल्यावर तो दुसरं काय समजणार! अण्णा फोनवर वाकले.

"सगळे धडधाकट आहेत, मंदार. नितीनची नोकरी गेलीय. तू राजीनामा देऊ नकोस."

मला वाटलं, आता चिडणार, रडणार. वर्षभराची त्याची तयारी, ॲडमिशन, सगळं पाण्यात.

"हात्तिच्या!" मंदार म्हणाला, आणि इतका मोठ्यानं श्वास सोडला की खोलीतल्या सगळ्यांना ऐकू आला. "मला वाटलं, आई गेली. दादा कुठाय? दादाला द्या. दादा, जेवलास का?"

पुढचं सांगण्यासारखं थोडंच आहे. सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यात नितीनला नॉर्थ कॅरोलिनात, कॅरीला प्रोजेक्ट मिळालं, आणि आमचा सोफा रस्त्यावर जायचा वाचला. शेजारच्यांचा नाही वाचला. आपण काही फार हुशार म्हणून टिकलो, असं मला कधी वाटलं नाही. मंदार पुण्यातच राहिला. त्याच्या मनात अमेरिकेची हुरहुर राहिली असेल. तो बोलत नाही, मी विचारत नाही. जोस आणि लिसीचेची अजून अल्फारेटालाच आहेत. मल्याळम सिनेमा मिशीतून कधी बाहेर येणार, म्हणून तो फोनवर कुरकुरतो. आता डीव्हीडीवर सबटायटल्स असतात, त्याच्या स्टुलाला काम उरलं नाही.

या ऑक्टोबरात, २००८ साली, पुन्हा तेच झालं. बँका बुडाल्या, नितीनचं अख्खं डिपार्टमेंट गेलं. सकाळी अकरालाच तो दारात उभा, हातात खोकं. आमची चार वर्षांची लेक म्हणाली, "डॅडी, व्हाय आर यू होम?" त्यानं खोकं खाली ठेवलं, बूटही काढले नाहीत, आणि सरळ पुण्याला फोन लावला. मंदारनं उचलला.

"मंदार, नोकरी गेली रे."

"कधी?"

"आत्ता. तासभर झाला."

मला पूर्वी कोणी विचारलं, घर कुठलं, तर मी नागपूर सांगायची, मग काही वर्षं अडखळायची. आता अडखळत नाही. वाईट बातमी जिथं ताजी असतानाच सांगता येते ते घर. मग ते सात समुद्रांपलीकडे का असेना. तिकडच्या तुम्हा सगळ्यांना म्हणूनच सांगते, आमचं "मजेत" ऐकून फोन ठेवू नका. पुन्हा एकदा विचारा.